कळंबेसाहेबांचं राहिलेलं अर्धं वाक्य

शूटिंगच्या दिवशी सकाळी आठ वाजता कळंबेसाहेब आमच्या आळीतल्या सगळ्या कुकरच्या शिट्ट्या जप्त करायचे.

थट्टा नाही. हातात स्टीलचा डबा, खिशाला पेन, काखेत पावतीपुस्तक. पहिलं घर आमचं. सुनंदा, म्हणजे माझी बायको, शिट्टी घेऊन दारातच उभी असायची. कारण 'नंतर देते' म्हटलं तर साहेब आत येऊन ओट्यापाशी उभे राहायचे आणि शांततेच्या हक्काची पार्श्वभूमी सांगायला लागायचे. शिट्टी डब्यात पडली की लगेच पावती. 'शिट्टी, कुकरची, नग एक, वापरलेली, चालू स्थितीत. शूटिंग आटोपताच विनाविलंब परत करण्यात येईल.' खाली सही, सहीखाली पूर्ण नाव आणि त्याखाली 'माजी'. माजी कोण, ते नाही. नुसतं 'माजी'.

"पुढचं पण लिहा की साहेब," मी एकदा म्हटलं.

"शिट्टीच्या पावतीला एवढं पुरे," ते म्हणाले.

या जप्तीला कारण आम्हीच. त्यांचं पहिलं शूटिंग झालं तेव्हा साहेब कॅमेऱ्यासमोर बसून "त्या दिवशी मुख्यमंत्र्यांच्या दालनात..." असं म्हणाले आणि आमच्या स्वयंपाकघरातून लागोपाठ चार शिट्ट्या झाल्या. आवाज घेणाऱ्या माणसाने कानावरचं यंत्र विंचू चावल्यासारखं फेकलं. तेव्हापासून ही जप्ती. हायवेवरचे ट्रक मात्र कुठल्या पावतीला दाद देत नाहीत. दोन तास हॉर्न बंद ठेवता येतील का, हे विचारायला साहेब एकदा चौकातल्या हवालदाराकडे गेले होते. हवालदाराने सलाम ठोकला आणि म्हणाला, "साहेब, अर्ज द्या." साहेबांनी तिथल्या तिथे उभ्या उभ्या अर्ज लिहून दिला. अजून विचाराधीन आहे.

पोलादपुरात आमच्या दोघांच्या घरांमध्ये एक फणस आणि एक कुंपण आहे. मी एसटीतला. महाड स्टँडवर वाहतूक नियंत्रक होतो, माइकवरून गाड्या पुकारण्यात उमर गेली. साहेब मंत्रालयातले. राज्य सरकारचे कायद्याचे बडे अधिकारी. सरकारला काय करता येतं आणि काय करता येत नाही, हे ते कागदावर लिहून द्यायचे. मंत्री आले, मंत्री गेले, साहेब त्याच खुर्चीत. निवृत्त झाल्यावर बाईंना, म्हणजे त्यांच्या पत्नीला, घेऊन वडिलांच्या घरी पोलादपूरला आले. मुलगी पुण्याला. काही वर्षांनी बाई गेल्या आणि साहेब एकटे राहिले.

हे सगळं कुणाच्याही बाबतीत होतं. साहेबांच्या बाबतीत वेगळं झालं ते हे, की बाई होत्या तेव्हापासूनच ते पिच्चरमध्ये जायला लागले होते.

पिच्चर म्हणजे माहितीपट. त्यांच्यासमोर पिच्चर म्हटलेलं चालायचं नाही. त्यांच्या काळात एक सरकार पडलं होतं. कुठलं ते सांगत नाही. सांगून उपयोगही नाही, त्यातली माणसं आता इतक्या पक्षांत विखुरली आहेत की आपण नक्की कुणाला पाडलं हे त्यांनाही आठवत नसेल. पण दर दोन-तीन वर्षांनी मुंबईचं कुणीतरी त्या सरकारवर माहितीपट काढतंच. आणि त्याला एक असा माणूस लागतो, ज्याच्या पाठीमागे जाड पुस्तकं असतात, नाकावर चष्मा असतो आणि जो "घटनेच्या दृष्टीने पाहता" अशी सुरुवात करतो. असा माणूस पोलादपूरला फणसापलीकडे राहतो, हे सगळ्यांना माहीत झालं होतं.

बोलण्यात साहेब अवघड. साधा 'हो' त्यांच्या तोंडून निघत नसे. भाजीवाली म्हणायची, "सायेब, मेथी आजचीच हाय." साहेब विचारायचे, "आजची म्हणजे आज खुडलेली की आज आणलेली?" ती बिचारी टोपली डोक्यावर घेऊन पुढच्या घरी जायची. सुनंदाने चहा विचारला की म्हणायचे, "घेईन. पण मी मागितला असं नव्हे." मी कधी "आज गरम होतंय नाही?" म्हटलं की "कुणाला?" असा प्रश्न यायचा. आळीतली पोरं त्यांना 'कलम' म्हणायची. मागून, अर्थात.

आणि एक वाक्य ठरलेलं. मुंबईची मंडळी आली, दिवे लावले, तारा पसरल्या, की कॅमेरा सुरू व्हायच्या आधी साहेब बोट वर करून सांगायचे, "एकच विनंती. माझं म्हणणं अखंड घ्या." मंडळी म्हणायची, "हो सर, शुअर सर." मग तीन-तीन तास शूटिंग चालायचं. तोवर अख्खी आळी कुजबुजत वावरायची. "मिक्सर लावू नको गो, सायबांचं चाललंय." संध्याकाळी शिट्ट्या परत यायच्या, पावत्या फाडल्या जायच्या, आणि पाच-सहा महिन्यांनी माहितीपट लागायचा. त्यात साहेब असायचे सात सेकंद. कधी आठ.

बघायला ते आमच्याकडे यायचे, कारण आमचा टीव्ही मोठा. आळीतली आणखी पाच-सहा माणसं जमायची. पडद्यावर साहेब दिसले की आम्ही टाळ्या वाजवायचो. त्यांच्या नावाची पट्टी दर वेळी चुकलेली. एकदा 'माजी वकील' लिहिलं होतं. साहेब म्हणाले, "वकील माजी होत नाही. मयत होतो." एकदा 'राजकीय विश्लेषक'. एकदा तर 'कोळंबे'. पण मजा अशी, की आपली सात सेकंदं संपली की साहेब उठायचे. चपला घालायचे आणि निघून जायचे. चहा तसाच. माहितीपट अजून अर्धा शिल्लक.

"स्वतःचं झालं की उठतात," सुनंदा म्हणायची. "दुसऱ्याचं बोलणं ऐकायला नको."

मलाही तसंच वाटायचं. माणूस विद्वान, पण तोंड दाखवायची हौस दांडगी, असा माझा निकाल झाला होता. खोटं कशाला बोलू, स्टँडवरच्या चहाच्या टपरीवर मी त्यांची नक्कलही करायचो. "माझं म्हणणं अखंड घ्या, आणि चहा अर्धा द्या." लोक हसायचे.

मागच्या हिवाळ्यात रेवती नावाची मुलगी आली. तिशीच्या आतली, केस कापलेले, पाठीवर तिच्यापेक्षा मोठी पिशवी. तिच्याबरोबर एकच कॅमेरावाला. तिसरा माणूस म्हणे घाटातल्या वळणांनी आडवा झाला होता आणि लॉजवर लिंबू चोखत पडला होता. त्यामुळे उजेड धरायला माणूस नव्हता. मी शिट्टी परत कधी मिळणार हे विचारायला गेलो होतो, तर तिने माझ्या हातात थर्माकोलचा हा एवढा तक्ता दिला आणि म्हणाली, "काका, प्लीज, हा सरांच्या तोंडावर उजेड पडेल असा धरा ना."

अशा रीतीने शूटिंग चालू असताना मी पहिल्यांदाच त्या खोलीत होतो.

तास-दीड तास कायद्याचंच चाललं. माझे हात भरून आले. मग रेवतीने तो प्रश्न विचारला, जो प्रत्येक माहितीपटात असतो. "सर, तुमच्या सल्ल्याची फाइल सकाळी अकराला तयार होती. ती मुख्यमंत्र्यांकडे पोचली संध्याकाळी पाचला. चारला सरकार पडलं होतं. मधले सहा तास ती फाइल कुठे होती?"

साहेब ताठ बसले.

"फाइल गंगारामच्या टेबलावर होती," ते म्हणाले, "कारण ती तिथे ठेवायला आणि मी सांगेपर्यंत न हलवायला मीच त्याला सांगितलं होतं. बहुमत एकूण सदस्यांचं मोजायचं की उपस्थित सदस्यांचं, म्हणजे माझ्या टिपणीत 'उपस्थित' हा शब्द हवा की नको, हे मला ठरवता येत नव्हतं. ते सहा तास मी ग्रंथालयात पुस्तकं बघत होतो. गंगारामचा या उशिराशी काडीचाही संबंध नाही."

एका दमात. एकही शब्द अडखळला नाही. एखादी आरती म्हणावी तसं.

मी त्यांचे सगळे माहितीपट पाहिले होते. 'टेबलावर होती' याच्या पुढचं मी कधीच ऐकलं नव्हतं. तिथे धाडकन संगीत वाजतं, एक फाइल सावकाश बंद होते, आणि जाहिराती लागतात.

रेवतीने हातातल्या कागदांतून डोकं वर काढलं. "सर, हे पुढचं कुठेच नाहीये. मी सगळ्या फिल्म्स बघून आलेय."

"मी प्रत्येकाला सांगितलेलं आहे," साहेब म्हणाले. "याच शब्दांत."

"मग काढलं का त्यांनी?"

"तो भाग टेक्निकल होतो म्हणाले."

तिने कॅमेरावाल्याला थांबायची खूण केली. "सर, दर वेळी कापतात, तरी तुम्ही दर वेळी हो का म्हणता?"

साहेबांनी चष्मा काढला. पुसायला रुमाल शोधला, सापडला नाही, तर सदऱ्याच्या टोकाने पुसला. मग त्यांनी जे सांगितलं ते मला शेजारी असून माहीत नव्हतं.

गंगाराम त्यांच्या हाताखालचा टंकलेखक. गाव तुडील, महाड तालुका. साहेबांचा नि त्याचा मुलूख एक, सावित्री नदीचं पाणी प्यायलेले दोघे. मोठ्या हुद्द्याचा अधिकारी नि टंकलेखक, पण दुपारी डबा एकत्र. बाई साहेबांच्या डब्यात एक पोळी जास्त घालायच्या, ती 'गंगारामची'. दोघे निवृत्त झाले तरी गंगाराम महिन्यातून एकदा तुडीलहून कडवे वाल नाहीतर काकड्या घेऊन पोलादपूरला यायचा आणि संध्याकाळच्या गाडीपर्यंत ओट्यावर बसायचा. तेव्हा मी दिवसभर महाड स्टँडवर, त्यामुळे मी त्याला कधी पाहिलं नव्हतं.

मग पहिला माहितीपट लागला. तुडीलमध्ये सगळ्यांनी बघितला. 'फाइल गंगारामच्या टेबलावर होती', धाडकन संगीत, जाहिराती. सरकार पडलं ते आपल्या गंगारामामुळे. नुसतं तेवढं असतं तरी चाललं असतं, कौतुकच झालं असतं. पण त्याच वर्षी गंगारामने घराची कौलं उतरवून स्लॅब टाकला होता. झालं. लोकांनी दोनात दोन मिळवले. त्या स्लॅबचं नाव पडलं 'फायलीचा स्लॅब'.

"मी गेलो होतो त्याच्याकडे," साहेब म्हणाले. "तो दारात आला. म्हणाला, सायेब, तुमी काय सांगणार ते मला ठावं हाय. पर गावाला टीव्हीनं सांगितलंय. आता टीव्हीनंच परत सांगाया पायजे. तवर तुमी येव नका. आणि दार लावलं. हळूच लावलं. आपटलं असतं तर बरं वाटलं असतं."

बाहेर हायवेवर एक ट्रक हॉर्न वाजवत गेला.

"म्हणून मी दर वेळी हो म्हणतो," साहेब म्हणाले. "टीव्हीवाले येतात, मी वाक्य सांगतो. त्यांनी ते अखंड दाखवलं की माझं काम झालं."

रेवतीने पेनाचं टोपण मिटलं. मग खरं तेच बोलली. "सर, प्रॉब्लेम सांगू? ते सहा तास हेच आमच्या तिसऱ्या भागाचं रहस्य आहे. तुम्ही पुस्तकं वाचत होता हे दाखवलं, तर आमचा तिसरा भाग कोसळतो."

"सरकारं कोसळतात," साहेब म्हणाले. "तुमचा एक भाग कोसळला तर काय बिघडलं?"

ती हसली. साहेब हसले नाहीत. "वाक्य अखंड घ्या. नाहीतर मला पूर्ण काढून टाका. अर्धा ठेवू नका."

"मी एकटी ठरवत नाही सर. पण भांडेन."

ती गेल्यावर माझ्या लक्षात आलं, की थर्माकोल मी केव्हापासून छातीशी कवटाळून उभा होतो. साहेबांच्या तोंडावरचा उजेड केव्हाच गेला होता.

घरी येऊन मी सुनंदाला सगळं सांगितलं. तिने ऐकलं आणि इतकंच म्हणाली, "आणि आपण टाळ्या वाजवत होतो." त्यानंतर मी टपरीवर नक्कल केली नाही. लोकांनी आग्रह केला, मी घसा बसल्याचं सांगितलं.

माहितीपट यायला पावसाळा लागला. या वेळी आम्ही आळीतल्या कुणाला बोलावलं नाही. साहेब, सुनंदा आणि मी. पहिले दोन भाग कसे गेले मला सांगता येणार नाही. तिसऱ्यात तो प्रश्न आला. साहेबांचा चेहरा आला. "फाइल गंगारामच्या टेबलावर होती," पडद्यावरचे साहेब म्हणाले, आणि चित्र बदललं. एक लांबलचक ओसाड व्हरांडा दिसायला लागला.

सुनंदाने डोळे मिटले. साहेब खुर्चीत पुढे सरकले, उठायच्या बेतात.

"कारण ती तिथे ठेवायला आणि मी सांगेपर्यंत न हलवायला मीच त्याला सांगितलं होतं," व्हरांड्यावरून आवाज आला.

मग साहेबांचा चेहरा परत आला आणि तिथेच राहिला. एकूण सदस्य, उपस्थित सदस्य, ग्रंथालय, पुस्तकं, सगळं. गालावर माझ्या थर्माकोलचा उजेड भूकंप झाल्यासारखा हलत होता. 'काडीचाही संबंध नाही' संपलं, तरी त्या मुलीने चित्र लगेच तोडलं नाही. दोन-तीन सेकंद साहेब नुसते बघत होते. संगीत नाही, काही नाही. मग पुढचा माणूस आला.

साहेब उठले नाहीत. शेवटपर्यंत बसले. पुढाऱ्यांचं ऐकलं, पत्रकारांचं ऐकलं, पाठोपाठ येणारी नावंसुद्धा वाचली. त्यात बारीक अक्षरांत होतं, 'प्रकाश साहाय्य : चोरगे'. तो मी. सुनंदा ओरडली. साहेबांनी माझ्याशी हात मिळवला आणि गार झालेला चहा एका घोटात संपवला.

पण तुडीलहून काही आलं नाही. एक दिवस गेला, दोन गेले. साहेब अंगणात फोन हातात घेऊन फिरायचे. मी म्हटलं, "आपणच जाऊ या की." तर म्हणाले, "मी गेलो तर निकाल मागायला गेल्यासारखं होईल."

पाचव्या दिवशी ते आमच्याकडे आले ते तोंडावरचा रंग उडालेला. "गंगारामचा फोन आला होता."

"मग? काय म्हणाले?"

"म्हणाला, सायेब, एक दुरुस्ती हाय. उद्या या. आणि ठेवला."

"दुरुस्ती कसली?"

"तेच," साहेब म्हणाले आणि खाली बसले. "एवढं तोलून बोललो. त्यात काय राहिलं असेल?"

दुसऱ्या दिवशी सकाळी ते निघाले ते काळा कोट घालून. पावसाळी उकाडा, घामाच्या धारा. "कोट कशाला साहेब?" म्हटलं तर म्हणाले, "हजर राहायचंय." माझ्या जुन्या गाडीतून आम्ही निघालो. हायवे सोडून सावित्रीच्या कडेकडेने तुडीलच्या रस्त्याला लागलो, तेव्हापासून साहेब ओठांतल्या ओठांत तेच वाक्य म्हणून बघत होते. नदी गढूळ, दोन्ही काठ भरून चाललेली.

गंगारामच्या पडवीत पंधरा-वीस माणसं बसली होती. बाया, म्हातारे, मुंबईहून आलेले दोन-चार तरुण. मधोमध दोन खुर्च्या. गंगाराम बारीक, उंच, पांढऱ्या सदऱ्याची गुंडी गळ्यापर्यंत लावलेली. हसला नाही. "बसा, सायेब," म्हणाला. साहेब बसले. मी दाराशी उभा.

"तुमी टीव्हीवर बोललाव," गंगाराम सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "समद्यांनी आयकलं. पर त्यात एक चूक हाय."

साहेब उभे राहिले. कोटाची बटणं लावली. "सांग."

"फाइल माझ्या टेबलावर नव्हती. कपाटावर होती."



"टेबलावर होती," साहेब म्हणाले.

"कपाटावर. टेबलावर आपला डबा उघडलेला होता. तेल सांडंल म्हणून मीच वर ठेवली."

"गंगाराम, मी स्वतः पाहिली आहे."

"तुमी पुस्तकात होताव, सायेब. डबा तरी दिसला का तुमाला? त्या दिशी तुमच्या पोळ्या मीच खाल्ल्या."

कुणीतरी फिस्सकन हसलं. साहेब खरोखर विचारात पडले. मी त्यांना ओळखतो. ते मनातल्या मनात त्या खोलीत शिरून टेबल नि कपाट तपासत होते. शेवटी म्हणाले, "शक्य आहे. मग मला खुलासा करावा लागेल. पुढच्या माहितीपटात..."

"नको!" गंगारामने दोन्ही हात जोडले. "नको सायेब. कपाट ऱ्हाऊ द्या."

मग जे हसू फुटलं ते आवरेना. गंगारामही हसला, आणि हसता हसताच त्याने साहेबांच्या अंगातला कोट काढून घेतला, जसा ऑफिसात घेत असेल तसा, आणि खुंटीला लावला.

एका कोपऱ्यात यमुनाआत्या नावाची म्हातारी बसली होती. त्या स्लॅबचं बारसं हिनेच केलं होतं, असं मला नंतर कळलं. ती वर बघत म्हणाली, "मंग ह्यो स्लॅप रं?"

"फंडाचा गो आत्या, फंडाचा! इतकी वर्सं काय सांगतोय मी?"

"टीव्हीवर नाय सांगितलंस," आत्या म्हणाली आणि तिने विषय संपवला.

जेवायला तांदळाच्या भाकऱ्या आणि कोलंबीचं कालवण होतं. साहेब नि गंगाराम शेजारी बसले. बोलणं फार नाही. ऑफिसातलं कोण आहे, कोण गेलं, गुडघे कसे आहेत. मध्येच गंगाराम ताटाकडे बघत म्हणाला, "बाई गेल्या तवा मी आलो होतो."

साहेबांचा हात थांबला.

"पोलादपूर स्टँडपातूर आलो. उतारलो. मंग तिथनंच दुसऱ्या गाडीनं परत गेलो."

"घरी यायचंस," साहेब म्हणाले.

"कसा येनार?"

साहेबांनी मान हलवली. मग आपल्या वाटीतलं थोडं कालवण त्यांनी गंगारामच्या भाकरीवर ओतलं. गंगारामने ते कालवून खाल्लं. मी पाण्याचा तांब्या तोंडाला लावला, तर गंगारामच्या बायकोला वाटलं तिखट झालं, तिने मला घाईघाईने ताक दिलं.

निघताना गंगाराम म्हणाला, "म्हैन्याला येतो मी. पयल्यासारखा." साहेब म्हणाले, "ये." नुसतं 'ये'. कुठलीही अट नाही, पोटकलम नाही.

गाडी नदीच्या रस्त्याने थोडी पुढे आली, तोवर साहेब झोपले होते. कोट मांडीवर, मान मागे टाकलेली, तोंड उघडं, घोरणं चालू. मी त्यांना कधी झोपलेलं पाहिलं नव्हतं. पहाटे कधीही उठलो तरी फणसापलीकडे त्यांच्या खोलीत दिवा दिसायचा, तो मला अभ्यासाचा वाटायचा.

हायवेला लागलो. मी गाडी इतकी सावकाश चालवली की मागच्या टेम्पोवाल्याने शिव्या दिल्या. पोलादपूर आलं. दुपारचे तीन-साडेतीन झाले असतील. आळीकडे वळायचं, तर तिथे रस्ता खणलेला, गाडी आदळली असती. मी वळलोच नाही. तसाच पुढे महाबळेश्वरच्या फाट्याला लागलो. गाव मागे पडलं, आंबेनळी घाटाची पहिली वळणं सुरू झाली. डोंगरातून ठिकठिकाणी पाणी कोसळत होतं, धुकं खाली उतरलं होतं. सुनंदाचा फोन वाजला, मी तो पटकन बंद केला.

दोन-तीन वळणांनंतर साहेब थोडे हलले. डोळे न उघडताच म्हणाले, "पोलादपूर गेलं का?"

"गेलं."

"मग आपण कुठे चाललोय?"

"कुठे नाही. तुम्ही झोपा."

इतक्या मोघम उत्तरावर त्यांनी एकही हरकत घेतली नाही. मान दुसऱ्या बाजूला टेकवली आणि पुन्हा घोरायला लागले. मी घाट चढत राहिलो.